यादीत नसलेली विहीर

मी एसटीत कंडक्टर आहे, शिरूर डेपोत. त्यामुळे माझा आवाज मोठा आणि स्वभाव तापट आहे, हे आधीच सांगून टाकते. शिरूर-दौंड गाडीवर सकाळच्या पाळीला उभं राहून दाखवा, मग मला शांतपणाचे धडे द्या. रांजणगावच्या कंपनीत रात्रपाळी करून आलेली पोरं सीटवर आडवी, त्यात बाजाराच्या पाट्या, त्यात कॉलेजच्या बॅगा, आणि दारातला माणूस हटकून म्हणणार, "मावशी, पुढं जागाच न्हाई." जागा असते. माणूस सरकत नाही, एवढंच.

आमचं गाव घोडनदीपासून जरा आत, इनामगावच्या अलीकडं. वर माळ, माळाच्या उतारानं ओढा खाली येतो, ओढ्याच्या काठाला आमची बौद्धवस्ती, आणि वस्तीला लागून आमची विहीर. माझ्या सासऱ्यांच्या पिढीनं ती स्वतःच्या हातांनी खणली. का खणली, ते मी नव्यानं सांगायला नको. आता गावात नळ आलेत, पण पाइपाच्या शेपटाला आम्ही. आमच्याकडं पाण्याच्या आधी हवा येते आणि पुष्कळदा हवेवरच भागतं. प्यायला, रांधायला विहीरच. गावातली माणसं तिला 'तिकडची विहीर' म्हणतात. आम्ही नुसतं 'विहीर' म्हणतो.

तर ह्या माळावर मळीपासून स्पिरिट काढायचा कारखाना येणार, अशी बातमी आली. आधी हॉटेलात आली, मग देवळात आली, आणि सगळ्यात शेवटी ग्रामपंचायतीच्या फलकावर लागली: अमुक ठिकाणी जनसुनावणी, पर्यावरणीय आघात मूल्यांकनाचा अहवाल कार्यालयात पाहायला मिळेल. नाव वाचूनच माणसाला आघात व्हावा! पण मी ठरवलं, बघायचाच.

पंचायतीत गेले तर शिपाई म्हणाला, "अहवाल कपाटात हाय आन् किल्ली न्हाई."

"कुठं गेली?"

"सुट्टीवर."

"किल्ली सुट्टीवर गेली का माणूस?" मी विचारलं. "फळकावर लिवलंय बघायला मिळंल. मी हितं बसते. किल्ली सुट्टीवरनं आली की सांग."

बसलेच मी. टेबलासमोरच्या बाकावर, खाकी साडीत, पाय पसरून. थोड्या वेळानं किल्ली त्याच्याच खिशातून निघाली. त्या दिवसापासून माझी पाळी संपली की मी पंचायतीत. मराठीतला सारांश पातळ, दोन बैठकांत संपला. इंग्रजी अहवाल म्हणजे उशीएवढा. मोबाइलचा कॅमेरा एकेका पानावर धरायचा, तो वेडंवाकडं मराठी करून दाखवायचा, त्यातून मी अर्थ काढायची. माझं शिक्षण बारावी. पण प्रवाशाच्या तोंडाकडं बघून खोटा पास ओळखणारी बाई मी, कागदाला काय भिणार?

हळूहळू गाडीचे स्टॉप लागावेत तसा सगळ्याचा मला अर्थ लागला. पहिला स्टॉप, कशाकशाचा अभ्यास करायचा ते सरकारी समिती ठरवून देते. दुसरा, कंपनीनं नेमलेले सल्लागार येतात आणि पावसाळा सोडून एका हंगामात हवेचे, पाण्याचे, मातीचे नमुने घेतात. तिसरा, कच्चा अहवाल. चौथा, जनसुनावणी, म्हणजे लोकांनी बोलायचं आणि बोललेलं सगळं लिहून घ्यायचं. मग त्या प्रश्नांना उत्तरं देऊन पक्का अहवाल करायचा, तो तज्ज्ञांच्या समितीपुढं जातो, आणि शेवटी परवानगी तरी मिळते नाहीतर नकार. एवढ्या लांब रस्त्यात आपल्याला चढायला दार एकाच ठिकाणी, चौथ्या स्टॉपवर. तिथं चुकलात की गाडी गेली.

आणि मग एक तक्ता सापडला. आसपासच्या पिण्याच्या पाण्याच्या जागा. गावची विहीर होती. मळ्यांमधल्या विहिरी होत्या. शाळेचा बोअर होता. आमची विहीर नव्हती. मी तक्ता वरून खाली वाचला, खालून वर वाचला. मोबाइल चुकला असेल म्हणून नुसते आकडे मोजले. नव्हतीच. ओढ्यापुढं लिहिलेलं, हंगामी, पाहणीच्या काळात कोरडा. उन्हाळ्यात येऊन बघितल्यावर कोरडाच दिसणार! पावसाळ्यात ये की बाबा, विहिरीच्या कठड्याला लागून वाहतो तो. आणि नकाशात, कारखान्याचं घाण पाणी साठवायचं तळं दाखवलेलं, ते बरोबर ओढ्याच्या डोक्यावर.

मी भ्याले, खोटं कशाला सांगू. कारण यादीत विहीर नाही म्हणजे तळ्यापासून तिचं अंतर कुणी मोजणार नाही, तिच्या पाण्याचा नमुना कुणी घेणार नाही, परवानगीत तिच्यासाठी एक अटसुद्धा पडणार नाही. आणि पुढं कधी पाण्याला वास आला, रंग आला, तर आम्ही ओरडत जाणार आणि ते अहवाल उघडून विचारणार, इथं विहीर होतीच कुठं? माझी दोन्ही लेकरं त्या पाण्यावर वाढली. मग मला राग आला. राग आला की मी ठीक असते.

गावातही कारखान्याला विरोध होता, नाही असं नाही. विरोधाचे पुढारी आप्पा. सत्तरीचे, जुने सरपंच, सोसायटीत वजन, घरी डाळिंबाची बाग. वासानं आणि टँकरच्या धुळीनं बाग जाईल ही त्यांची भीती खरी होती. मारुतीच्या पारावर त्यांनी बैठक घेतली. आम्हीही वस्तीतल्या बायका गेलो, कडेला उभ्या राहिलो. आप्पा म्हणाले, "काय न्हाई, सोपं हाय. जायचं, घोषणा द्यायच्या आन् समद्यांनी उठून भायेर यायचं. कोरम मोडला की सभा तहकूब."

लोकांनी टाळ्या वाजवल्या. त्यांचं काही चुकलं असं मी म्हणणार नाही, कारण आमच्या गावात कोरम हे हत्यार आहे. ग्रामसभेत नको असलेला ठराव आला, की आप्पांची माणसं उठून समोरच्या हॉटेलात चहाला जातात. उरलेली डोकी मोजली की सभा तहकूब. असे कितीतरी ठराव आप्पांनी चहात बुडवले. पण जनसुनावणीला कोरमच नसतो! एक माणूस बसला तरी ती होते, आणि उठून गेलेला बोललाच नाही असं धरतात. हे मी नियमात वाचलं होतं, आणि त्याच्या आधी गाडीत ऐकलं होतं. दौंडकडचा एक म्हातारा शेतकरी माझ्या गाडीत नेहमी असायचा. मी विषय काढला तर म्हणाला, "आमी बी अख्ख्या गावानं बहिष्कार टाकला व्हता, ताई. गुलाल तेवढा उधळायचा ऱ्हायला व्हता. आज दारावरनं मळीचं टँकर जात्यात. आमचं म्हननं कुठं लिवलंय इचारलं, तर म्हनले, तुमी बोलला कुठं?"

म्हणून पारावर मी मोठ्यानं बोलले. माझं हळू बोलणंही मोठंच असतं. "आप्पा, तिथं कोरम न्हाई चालत. ती ग्रामसभा न्हाई. उठून गेलो तर ते म्हणतील, लोकांची हरकत न्हाई. बसून एकेकानं बोलाया पायजे."

आप्पा हसले. "कंडक्टरबाई, तुमी तिकिटं फाडा. सभा कशा मोडायच्या ते आमाला नका शिकवू."

सगळा पार हसला. मला कानशिलं तापल्याचं अजून आठवतंय. मी एवढंच म्हणाले, "मोडायची न्हाईच, आप्पा. चालवायची हाय." आणि निघाले. वाटेत मात्र मी जे काही बोलले ते इथं लिहिण्यासारखं नाही.

विहारात आम्ही वस्तीचे सगळे बसलो. कुणी म्हणालं, गावाला सोडून आपण एकट्यांनी बसायचं म्हणजे उद्या गाव आपल्यावरच येईल, कंपनीचे मिंधे म्हणतील. खरं होतं ते. मी म्हटलं, "म्हणू द्या. म्हणणाऱ्याचं तोंड दिसतं, गेलेली विहीर दिसत न्हाई." शेवटी ठरलं: बसायचं. घोषणा नाही, रडारड नाही. प्रत्येकीनं उठायचं, आपलं नाव सांगायचं आणि विहिरीचं आपल्याला काय लागतं तेवढंच सांगायचं.

सुनावणी माळावरच होती. मांडव, पंखे, पाण्याच्या बाटल्या, खोक्यांतून समोसे. समोर अध्यक्ष म्हणून जिल्ह्याचे मोठे साहेब, शेजारी प्रदूषण मंडळाचे अधिकारी, बाजूला व्हिडिओवाला. कंपनीच्या सल्लागारानं पडद्यावर हिरवीगार चित्रं दाखवली. झाडंच झाडं. आमच्या माळावर बाभळ जगताना रडते, तिथं ह्यांचं काश्मीर! बोलून झाल्यावर साहेबांनी विचारलं, कुणाला बोलायचंय? आणि आप्पा उभे राहिले. "आमचा विरोध हाय! चला रे!" घोषणा झाल्या, खुर्च्या वाजल्या, आणि बघता बघता अर्धा मांडव रिकामा झाला. मी कंपनीच्या माणसांकडं बघत होते. त्यांची तोंडं पडायच्या ऐवजी खुलली. एकानं तर समोसा उचलला.

साहेब म्हणाले, "आणखी कुणी?"

मी उठले. माइक आणायला एक पोरगा धावला, त्याला म्हटलं नको. "साहेब, अहवालात पिण्याच्या विहिरींची यादी हाय. त्यात आमच्या वस्तीची विहीर न्हाई. तुमचं तळं तिच्या डोक्यावर हाय. ती यादीत घ्या, पाण्याचा नमुना घ्या, ओढा पावसाळ्यात बघा आन् मग सांगा तळं तिथं पायजे का."

सल्लागार तरुण होता, नम्र होता. तेच जास्त झोंबतं. तो म्हणाला, "ताई, आम्ही मनानं यादी केलेली नाही. गावातल्याच एका ज्येष्ठांनी आम्हाला स्वतःच्या जीपमधून फिरवलं आणि पिण्याच्या सगळ्या विहिरी दाखवल्या. त्यांनी तुमची विहीर सांगितली नाही, म्हणजे ती पिण्यासाठी वापरात नसावी."

गावात जीप एकच. आप्पांची.

काय वाटलं ते सांगते. कुणीतरी भर मांडवात कानाखाली वाजवावी तसं वाटलं. कंपनी परकी, सल्लागार परका, त्यांना काय माहीत? पण आप्पा ह्या ओढ्यावरून रोज बागेत जातात. आमच्या बायकांच्या डोक्यावरचे हंडे त्यांच्या जीपला रस्ता देतात. तोंडाशी आलं होतं, की ओरडून सांगावं, ह्या म्हाताऱ्यानं आमचा घात केला. पण व्हिडिओ चालू होता. मी शिव्या दिल्या असत्या तर शिव्या लिहिल्या गेल्या असत्या, विहीर नाही. आणि आप्पांनी इरेला पेटून 'न्हाई पीत त्या विहिरीचं' असं म्हटलं असतं, की खेळ खलास. मला त्यांचा माफीनामा नको होता. मला त्यांच्या तोंडून विहीर पाहिजे होती.

मी आमच्या बायकांना खूण केली आणि मांडवाच्या कडेला जाऊन फोन लावला.

"आप्पा, कुठं हाय?"

"चहा पितोय हायवेला. मोडली का?"

"न्हाई मोडली. साहेब बसलेत, लिवणं चालू हाय. तुमी जेवढं बोलला तेवढं एका वळीत संपलं. बागेचं कुणी काय सांगितलंच न्हाई. या परत, मी सभा धरून ठेवते."

तिकडं कपबशी वाजली. मग म्हणाले, "साहेब उठलं न्हाईत? कोरम?"

"आप्पा, कोरमचं नाव काढू नका आता. या."

जीपचं मी काही बोलले नाही. जीभ चावून धरली, शब्दशः.

मांडवात आमच्या बायका उभ्या राहत होत्या. बोलायचं असेल त्या प्रत्येकाला बोलू द्यावं लागतं, तोवर सुनावणी संपवता येत नाही. आणि बोलायला लागली की आमची वस्ती काय ऐकते! एकीनं सांगितलं, माझ्या म्हशीला नळाचं पाणी चालत नाही, विहिरीचंच लागतं. एक म्हणाली, बाळंतपणात ह्याच पाण्यावर होते. एकीनं कुठल्या महिन्यात पाणी कुठल्या पायरीला असतं ते सांगितलं, मग दुसरीनं तिचं चूक आहे म्हणून पायरी दुरुस्त केली, आणि दोघींचं तिथंच जुंपलं. साहेबांना हसू आवरेना. कंपनीवाले घड्याळ बघायला लागले. बघा म्हटलं. आम्हाला घाई नाही, आम्ही एसटीनं जाणारी माणसं.

अशात आप्पा आले. मागून त्यांची माणसं, जराशी ओशाळलेली. खुर्च्या परत भरल्या. मला वाटलं, आप्पा आता थेट बागेचं बोलतील. म्हणून ते बसायच्या आतच मी उठले.

"साहेब, हे आमचे जुने सरपंच. त्यांना एकच इचारते. आप्पा, कंपनीचे लोक म्हणत्यात, आमची विहीर पिण्याची न्हाई. तुमी गावातलं मोठं माणूस. ती विहीर पिण्याची हाय का न्हाई, तेवढं सांगा."

आप्पांनी माझ्याकडं बघितलं. मग सल्लागाराकडं बघितलं, आणि त्या पोरानं त्यांना नमस्कार केला. ओळखीचा. तिथंच आप्पांना सगळं कळलं. म्हातारा नाही म्हणू शकला असता. आठवत नाही म्हणू शकला असता. माझ्या मनात एकच चाललेलं, बोला आप्पा, बोला.

"हाय," आप्पा म्हणाले. "पिण्याचीच हाय. समदी वस्ती पिती." मग थांबले. "जीप माझीच व्हती. कारखान्याचं तवा कुणाला ठावं नव्हतं. ह्यांनी म्हटलं, गावातल्या पिण्याच्या इहिरी दावा. मी दावल्या. ती माझ्या ध्यानातच आली न्हाई."

पहिल्यांदा माझा विश्वास बसला नाही. पण त्यांचा चेहरा खोटं बोलणाऱ्याचा नव्हता, तो मला ओळखता येतो. त्यांनी लपवलं नव्हतं. लपवलं असतं तर बरं झालं असतं, भांडायला सोपं पडलं असतं. 'गावातल्या विहिरी' म्हटल्यावर त्यांच्या डोळ्यांपुढं गाव आलं, आणि त्या गावात आम्ही नव्हतो. सत्तर वर्षं ते रोज समोरून जात होते, तरी नव्हतो. मला रडायला येत होतं आणि मी रडले नाही, कारण अजून लिहून व्हायचं होतं.

मग आप्पा बागेचं बोलले, त्यांची माणसं धुळीचं, टँकरचं, रस्त्याचं बोलली. ज्या गावाला उठून जायचं होतं ते आता माइक सोडेना. शेवटी नियमाप्रमाणं लिहिलेला गोषवारा मराठीत वाचून दाखवायला सुरुवात झाली. त्यात आलं, "महिलांनी विहिरीच्या पाण्याबाबत शंका व्यक्त केली."

"शंका न्हाई साहेब," मी बसल्या जागेवरून म्हणाले. "शंका कंपनीची हाय. आमची विहीर हाय. तसं लिवा. आन् आप्पांचं पण पुरतं लिवा."

साहेब म्हणाले, "बरोबर आहे त्यांचं. सविस्तर घ्या." लिहिणाऱ्यानं खोडलं, लिहिलं आणि पुन्हा वाचलं: ओढ्याकाठची विहीर ही गावातील पिण्याच्या पाण्याची विहीर असून पाहणीच्या वेळी गावकऱ्यांकडून दाखवायची राहून गेली; तिचा अहवालात समावेश करावा, पाण्याची तपासणी करावी आणि ओढ्याची पाहणी पावसाळ्यानंतर पुन्हा करावी. गावातील. मी त्यांना ते आणखी एकदा वाचायला लावलं. मागून कुणीतरी म्हणालं, आता बास की. मी म्हटलं, बास न्हाई.

मांडवाबाहेर आप्पा जीपपाशी उभे होते. "बाई," ते म्हणाले, "चुकलंच माझं."

एरवी मी कुणाचं चुकलं की अख्ख्या गाडीला ऐकवते. तेव्हा मात्र आवाज चढला नाही. "ते लिवून झालंय, आप्पा," मी म्हणाले. "आता ते लोक परत येतील बघायला. तवा जीप तुमीच काढा. पण म्होरल्या सीटवर मी बसणार."

आप्पांनी मान हलवली आणि जीप सुरू केली.

कारखान्याचं अजून ठरलेलं नाही. समितीनं फेरपाहणी मागितली, तळ्याची जागा बदलता येईल का ते विचारलं, आणि आम्ही सोडणार नाही हे आता कंपनीलाही कळलंय. सल्लागार पावसाळा सरल्यावर आले. ओढा भरून वाहत होता. मी डेपोत रजा टाकली होती. आप्पांनी जीप थेट वस्तीत आणली, वाकून आतून पुढचं दार उघडलं, मी बसले आणि म्हटलं, चला, पयली आमची दाखवू.